प्र: न्यायाधिकरणाच्या आदेशाने बँकेत ठेवलेली अपघात भरपाईची मुदत ठेव मुदतीआधी मोडता येते का?

उ:

बँकेत खेटे घालून उपयोग नाही. पावतीवर 'न्यायाधिकरणाच्या आदेशाशिवाय मोडू नये' असा शेरा असतो. कोल्हापुरात कसबा बावड्याच्या न्यायसंकुलात, मूळ दावा चालला त्याच मोटार अपघात न्यायाधिकरणात अर्ज करायचा. मूळ दावा क्रमांक, पावतीची प्रत, पासबुक, प्रतिज्ञापत्र जोडा. 'घरखर्चासाठी' एवढंच मोघम लिहिलं की अर्ज अडकतो. दवाखान्याचं अंदाजपत्रक किंवा फीची पावती लावा, आणि तेवढीच रक्कम मागा.

सज्ञान, सुशिक्षित दावेदाराचे पैसे यांत्रिकपणे अडकवू नयेत, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये बजावलंय. वकिलांना तो निकाल जोडायला सांगा. अज्ञान (१८ वर्षांखालच्या) दावेदाराच्या हिश्श्याला मात्र हात लावणं अवघड. त्याच्याच उपचार-शिक्षणाचा खर्च दाखवावा लागतो, वडिलांचं कर्ज चालत नाही.