लिमातली सुटका भरदुपारी का केली?

रातराणी:
पेरूतलं १९९६-९७चं ओलीस प्रकरण वाचतेय. १७ डिसेंबरला लिमात जपानी राजदूतांच्या निवासस्थानी सम्राटांच्या वाढदिवसाची मेजवानी चालू असताना एमआरटीए या सशस्त्र डाव्या संघटनेचे १४ बंडखोर घुसले. कमांडोंनी सुटका केली १२६ दिवसांनी, २२ एप्रिलला, तीही दुपारी ३ वाजून २३ मिनिटांनी. अशी कारवाई रात्री करतात ना?

जुना वाचक:
फुटबॉलमुळे! मी तेव्हा बारावीत होतो, रोज पेपर उघडला की आधी हीच बातमी शोधायचो. बंडखोर दुपारी तळमजल्याच्या दिवाणखान्यात फुटबॉल खेळायचे, ओलीस वरच्या मजल्यावर. रात्री दोघं जवळजवळ, दुपारी मात्र वेगळे. त्याआधी खाणकामगारांकडून घराखालपर्यंत बोगदे खोदून घेतले होते. खोदकाम ऐकू जाऊ नये म्हणून बाहेर कर्णे लावून मोठ्यानं संगीत वाजवत. तरी म्होरक्या सेर्पाला जमिनीखाली खडखड जाणवली आणि त्यानं सगळ्या ओलिसांना वर हलवलं. त्याच्या त्या सावधपणामुळेच ते वाचले, असं मला वाटतं, कारण पहिला स्फोट दिवाणखान्याच्या जमिनीखालून झाला. ओलिसांमधले नौदलाचे माजी अधिकारी लुईस जाम्पिएत्री लपवलेल्या यंत्रावरून बाहेर खबर देत होते.
७२ ओलिसांपैकी ७१ जिवंत बाहेर आले. ओलिसांपैकी न्यायाधीश कार्लोस ज्युस्ती गेले आणि कमांडोंपैकी दोन लष्करी अधिकारी. मोहिमेचं नाव चाविन दे वांतार, म्हणजे जमिनीखालच्या दालनांसाठी प्रसिद्ध असलेलं तिथलं प्राचीन मंदिर.

पाऊलवाट:
आणि १४च्या १४ बंडखोर मेले, तेही लिहा. ओलीस असलेले जपानी दूतावासातले सचिव ओगुरा यांनी नंतर सांगितलं की, 'तितो' नावाच्या बंडखोराला त्यांनी जिवंत पकडलेला पाहिलं होतं. २०१५ मध्ये आंतर-अमेरिकी मानवाधिकार न्यायालयानं त्याच्या, म्हणजे एदुआर्दो क्रूसच्या हत्येसाठी पेरू सरकारला जबाबदार धरलं.

जुना वाचक:
बरोबर, मी ते लिहायला हवं होतं. त्या कमांडोंबद्दल मला आजही आदर आहे. पण हात बांधलेल्या माणसाला मारणं हा सुटकेचा भाग नव्हता. तोवर ओलीस बाहेर पडले होते.

रातराणी:
दोघांचेही आभार. आता ओगुरांची साक्ष शोधून वाचते.