आलेक्स व्हान वार्मरडाम: लेखक मोठा, पण आपल्या सिनेमात स्वतःच भूमिका कशाला करायच्या? (तीन सभासदांची चर्चा)

कोपऱ्यातली खुर्ची
'लिहितो उत्तम, नट म्हणून जेमतेम.' या डच लेखक-दिग्दर्शकाबद्दल हे पुन्हा ऐकलं आणि राहवलं नाही. 'आबेल' (१९८६) बघा. त्यात हा स्वतः ३१ वर्षांचा मुलगा झालाय, आईबापांचं घर न सोडणारा. मोठी कात्री घेऊन उडत्या माशीचे दोन तुकडे करायच्या मागे असतो. चेहरा कोरा, हात मात्र मन लावून काम करतोय. दुसऱ्या कुणी तिथे वेडेपणा करून दाखवला असता. यानं संवादातली शांतता जशीच्या तशी ठेवली, कारण ती त्यानंच लिहिली होती.

पडद्यामागे
असहमत. तोच कोरा चेहरा सिनेमागणिक. 'ओबर'मध्ये (२००६) घरी बायको आजारी, हॉटेलात गिऱ्हाईकं पाणउतारा करतात, आणि वेटर झालेला हा निर्विकार. मला तिथे दुखणं दिसायला हवं होतं. उलट 'बोर्गमान'मध्ये (२०१३) मुख्य भूमिका यान बायफूटला दिली, स्वतः छोट्या कामावर भागवलं, आणि तोच सिनेमा फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवाच्या मुख्य स्पर्धेत गेला. १९७५ नंतर तिथे पोचलेला पहिला डच सिनेमा! हा योगायोग नाही.

दुसरा अंक
कान स्पर्धेवरून अभिनय कसा मोजणार? हा माणूस नाटकातून आलाय. आधी हाउजर ऑर्काटर, मग १९८० पासून 'दे मेक्सिकान्से होंड' ही नाटकमंडळी. तिथे लिहिणारा रंगमंचावर उभा राहतोच. भाऊ मार्क निर्माता, बायको आनेट मालहेर्ब नटी. 'क्लायने ट्यून'मध्ये (१९९८) तो निरक्षर शेतकरी आणि ती त्याला टीव्हीवरची सबटायटल्स वाचून दाखवणारी बायको. वाचून वाचून ती किती कंटाळलीय ते तिच्या आवाजात कळतं, आणि हा पुढच्या ओळीची वाट बघत बसलेला. ही सवय तालमीत येत नाही हो.

आणि 'ओबर'चं म्हणाल तर, त्यातला वेटर आपल्या लेखकाच्या दारात जाऊन भांडतो, 'माझं आयुष्य जरा बरं लिही.' लेखकाची भूमिका दुसऱ्याला देऊन हा स्वतः वेटर झाला. मार खाणारी बाजू घेतली.

पडद्यामागे
कल्पना सुंदर आहे, मान्य. पण पडद्यावर मला माणूस हवा, कल्पना नको. 'क्लायने ट्यून' मात्र पुन्हा बघते.

कोपऱ्यातली खुर्ची
बायफूटमध्ये जी भुरळ आहे ती आलेक्सकडे नाही, हे मीही मानतो. बोर्गमान त्याला पेलला नसता. पण 'दे नोर्डरलिंगन'मधला (१९९२) पोस्टमन आठवा. जंगलात बसून वाफेवर लोकांची पत्रं उघडतो, निवांत वाचतो, परत चिकटवतो. त्या पोस्टमनच्या जागी मला दुसरं कुणी दिसतच नाही.