मदत हवी आहे : मधलं चेंबर पुन्हा पुन्हा तुंबतंय, मुळं शिरली आहेत

पुण्यात आमचं जुनं बैठं घर आहे. ड्रेनेजची लाइन चिनीमातीच्या पाइपची, ६ इंची. आवारात तीन चेंबर. मधलं काठोकाठ भरतं आणि फाटकाजवळचं शेवटचं कोरडं असतं, म्हणजे महापालिकेची लाइन मोकळी आहे, अडचण या दोन चेंबरमधल्या आमच्याच २० फूट लाइनमध्ये आहे. नेमकं तिच्या शेजारी उंबराचं मोठं झाड.

बांबूच्या पट्ट्या घालून पाहिल्या, दोन दिवस बरं गेलं. मग प्लंबरने स्प्रिंगचं मशीन चालवलं. स्प्रिंगच्या टोकाला केसांच्या गुंत्यासारखी बारीक मुळं आली आणि त्यात पाइपचा बोटाएवढा तुकडा! आठवडाभरात पुन्हा तुंबलं. शेजाऱ्यांच्या सांगण्यावरून कॉस्टिक सोडाही ओतला, काही उपयोग नाही. (तो टाकल्यावर कुणी लगेच चेंबर उघडायला जाऊ नका, अंगावर उडाला तर भाजतं.)

घरात संडास एकच आणि आई ७८ वर्षांची, त्यामुळे एका दिवसापेक्षा जास्त बंद ठेवता येणार नाही. झाड तोडायचं नाही. चेंबरमध्ये माणूस उतरवायचा नाही, हाताने मैला साफ करण्याविरोधातल्या २०१३ च्या कायद्याने सुरक्षा साधनांशिवाय तसं करायला बंदी आहे आणि आमच्या मनालाही ते पटत नाही.

एक जण जेटिंग (जोराच्या दाबाने पाणी मारून पाइप साफ करणं) करा म्हणतो, दुसरा खोदून पीव्हीसी टाका म्हणतो. पाइप आधीच फुटलेला असताना जेटिंगच्या दाबाने तो आणखी ढासळेल का? की आधी कॅमेरा घालून बघावं? आणि २० फूट लाइन एका दिवसात बदलून झाल्याचा कुणाला अनुभव आहे का?