औपचारिक इंग्रजी पत्रातील आकुंचित रूपे आणि मायना: सैलपणा कुठवर चालवून घ्यावा?

निळी शाई (धागाकर्ती):
कार्यालयीन इंग्रजी पत्रांत ‘डू नॉट’, ‘कॅनॉट’ऐवजी ‘डोन्ट’, ‘कान्ट’ अशी आकुंचित रूपे आणि अनोळखी व्यक्तीला थेट पहिल्या नावाने केलेला मायना सर्रास दिसू लागला आहे. माझ्या मते अर्ज, तक्रार, करार आणि शोधनिबंध यांत शब्द पूर्ण लिहावेत आणि मायन्यात उपाधीसह आडनाव असावे, कारण ओळख नसताना दाखवलेली सलगी हा आगाऊपणाच ठरतो.

आडवळण:
सरसकट बंदी मला पटत नाही. या रूपांवर नाके मुरडण्याची खोड जुनीच आहे. लेखक जोनाथन स्विफ्टने १७१० मध्ये ‘टॅटलर’ या इंग्रजी नियतकालिकातून अशा काटछाटीवर कोरडे ओढले होते, तरीही बोलण्याचा ओघ त्या रूपांत असल्यामुळे ती टिकली. सहकाऱ्याला चार ओळींच्या मेलमध्ये ‘आय डू नॉट थिंक सो’ असे लिहिले, तर ‘नॉट’वर नको तेवढा जोर येतो आणि साधा मतभेद दटावणीसारखा वाटतो. करार आणि शोधनिबंधांपुरते तुमचे म्हणणे मान्य आहे, त्यापलीकडे नाही.

कानामात्रा:
आपण दोघेही शिष्टाचाराबद्दल बोलत आहात, पण प्रश्न सुबोधतेचाही आहे. ब्रिटिश सरकारच्या संकेतस्थळाची लेखननियमावली ‘यू विल’चे आकुंचित रूप चालवून घेते, मात्र ‘कान्ट’, ‘डोन्ट’ ही नकारार्थी रूपे टाळायला सांगते, कारण ती वाचायला अनेकांना जड जातात आणि कधी कधी अर्थ नेमका उलटा घेतला जातो. मुदत वाढवून मिळणार नाही, हे कळवताना सगळा भार एका अपॉस्ट्रॉफीवर आणि एका अक्षरावर का टाकावा?

निळी शाई:
हा मुद्दा माझ्याच बाजूचा आहे! मायन्याबद्दल मात्र कोणीच बोलले नाही. ‘डिअर मिस्टर जॉन’ ही चूक वारंवार दिसते. ‘मिस्टर’नंतर आडनाव हवे. (‘सर’ ही पदवी याला अपवाद आहे: ‘सर आयझॅक’ बरोबर, ‘सर न्यूटन’ चूक.) स्त्रीला लिहिताना ती विवाहित आहे की नाही याचा अंदाज बांधू नये, तिने स्वतः दुसरी उपाधी वापरली नसेल तर ‘मिझ’ (Ms, विवाहित-अविवाहित असा भेद न करणारी उपाधी) लिहावे. ‘न्यूयॉर्क टाइम्स’नेही हे संबोधन १९८६ मध्ये स्वीकारले.

आडवळण:
म्हणजे उपाधी लावायची तर आधी समोरची व्यक्ती स्त्री की पुरुष हे ठरवावे लागते, आणि नुसत्या नावावरून ते अनेकदा कळत नाही. ‘डिअर’पुढे पूर्ण नाव लिहिले की हा घोळच राहत नाही. शिवाय समोरच्याने उत्तराखाली फक्त पहिले नाव लिहिले असेल, तर त्यानंतरही उपाधीला चिकटून राहणे तुटकपणाचे दिसते.

निळी शाई:
उपाधी ठाऊक नसेल तेव्हा पूर्ण नाव लिहावे, हे मी मान्य करते. परंतु उत्तराखालची सही पाहून सूर जुळवण्याची सोय पहिल्या पत्राला नसते, आणि नोकरीचा अर्ज हे बहुधा पहिलेच पत्र असते.