चरित्र अभिनेत्याच्या कामांची यादी पक्की कशी करायची?

चित्रवेध : १९६० ते ९० या काळात मराठी-हिंदी चित्रपटांत पाटील, हवालदार, मुनीम अशा छोट्या भूमिका केलेल्या आणि पुढे दूरदर्शनवर दिसलेल्या एका दिवंगत नटाची यादी करायची आहे. नेटवरच्या याद्यांचा मेळ बसत नाही. एकच चित्रपट दोन सालांत दिसतो. काही चित्रपटांत नाव आहे, पण पडद्यावर माणूस सापडत नाही. पुरावा कुठला धरायचा?

रीळ३५ : आधी श्रेयनामावली. पडद्यावर नावांची पाटी आली की चित्रपट तिथेच थांबवा आणि नाव जसं छापलंय तसंच, क्रमासकट उतरवा. छोट्या कलाकारांची नावं एकाच पाटीवर दाटीवाटीने येतात आणि झर्रकन जातात. हिंदीत ती रोमन लिपीत असल्याने एकाच नटाचं स्पेलिंग दर चित्रपटात बदलू शकतं. नेटवरच्या काही प्रतींत मूळ पाट्याच कापलेल्या असतात, तेव्हा दुसरी प्रत शोधा.

सालाचा घोळ बहुतेक वेळा सेन्सॉर प्रमाणपत्रामुळे होतो. त्यावरची तारीख प्रमाणपत्राची, प्रदर्शनाची नव्हे. डिसेंबरात सेन्सॉर झालेला चित्रपट पुढच्या साली लागला की दोन सालं झालीच. दोन्हींचे वेगळे रकाने ठेवा. प्रदर्शनाची तारीख वर्तमानपत्रातल्या जाहिरातीवरून घ्या, तीही एकाच शहराची पाहून थांबू नका. मराठी चित्रपट पुण्यात किंवा कोल्हापुरात आधी आणि मुंबईत नंतर लागलेले आहेत.

'नाव आहे, माणूस नाही' याचं कारण गाण्यांच्या पुस्तिकेत शोधा. ती प्रदर्शनाआधी छापली जाई. नंतर प्रसंग कापला गेला तरी नाव तिच्यात राहतं आणि तिथून याद्यांत शिरतं. अशी नोंद खोडू नका, पुढे 'फक्त पुस्तिकेत' असं लिहा.

जुनी_पाटी : नामसाधर्म्य सगळ्यात जास्त छळतं. 'सुलोचना'च बघा. मूकपटांतली तारका रूबी मायर्स, आपल्या सुलोचनादीदी लाटकर आणि लावणीसम्राज्ञी सुलोचना चव्हाण. त्यातही चव्हाण लग्नाआधी सुलोचना कदम नावाने गात, आणि रूबी मायर्स बोलपटांत पुढे बरीच वर्षं छोट्या भूमिका करत राहिल्या, म्हणजे काळावरूनही निवाडा होत नाही. चेहरा दिसल्याशिवाय नोंद पक्की धरू नये.

द्विभाषिक चित्रपटांच्या दोन नोंदी करा. प्रभातचे 'कुंकू' आणि 'दुनिया न माने' (१९३७) एकाच कथेचे, पण छोट्या भूमिकांतली माणसं दोन्हीकडे तीच असतील असं गृहीत धरणं धोक्याचं.

चित्रवेध : पुस्तिका कुठे बघायला मिळतील? आणि दूरदर्शनचं काय?

रीळ३५ : पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात. चित्रपटांची नावं आणि अंदाजे सालं लिहून आगाऊ विचारणा करा. नुसतं नटाचं नाव दिलंत तर शोधणाऱ्याच्या हाती काही लागत नाही.

सह्याद्री_प्रेक्षक : मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ला सुरू झालं. सुरुवातीच्या काळात टेपा महाग होत्या आणि पुसून पुन्हा वापरल्या जात, त्यामुळे बरंच चित्रण उरलेलं नाही. त्या काळासाठी वर्तमानपत्रांतलं 'आजचे कार्यक्रम' सदर तारखेवार चाळावं लागतं. त्यात कलाकारांची नावं क्वचितच येतात, पण नाटिकेचं शीर्षक आणि तारीख तरी हाती लागते. मालिकेची नोंद भागागणिक करा. दोन भागांत आलेल्या नटाला अख्खी मालिका लावल्यामुळेच त्या याद्या फुगल्या आहेत.