दिग्दर्शिका यांग योंग-हीचे सिनेमे म्हणजे 'घरगुती रडगाणं' म्हणे!

बोरूबहाद्दर: परवाच्या जपानी सिनेमाच्या धाग्यावर कुणीतरी लिहिलं, "ही बाई दर वेळी आईबापावरच कॅमेरा रोखते. खाते जपानचं आणि शिव्याही जपानलाच." वाचून डोकंच फिरलं.
अहो, ओसाकात जन्मलेली कोरियन मुलगी. बाप उत्तर कोरियाच्या बाजूच्या संघटनेचा पुढारी, तिन्ही मुलगे तिकडे धाडून मोकळा झालेला. १९५९ पासून जपानच्या निइगाता बंदरातून अशी ९३ हजारांवर माणसं उत्तर कोरियात गेली, आणि त्यातली बहुतेक मुळात दक्षिणेकडची! का गेली? १९५२ मध्ये जपानने कोरियनांचं नागरिकत्व काढून घेतलं, धड नोकऱ्याही नव्हत्या. 'डिअर प्योंगयांग' या तिच्या माहितीपटात तिची आई मुलांना पाठवायच्या खोक्यात हात शेकायच्या पुड्या भरते, तेवढं बघा आणि मग बोला.

खडूस काका: तो प्रतिसाद माझाच. मुलं बापाने हौसेने पाठवली, जपानने बंदूक लावली नव्हती. त्या सिनेमानंतर बाईंना उत्तर कोरियात बंदी झाली, जपानात नाही. उलट 'अवर होमलँड' जपाननेच ऑस्करला पाठवला. केवढा हा छळ!

ओसाकाकर: ऑस्करला पाठवतात हो, घर भाड्याने देत नाहीत. एजंटाने माझ्यासमोर मालकाला फोन लावला, "भारतीय आहेत, पण जपानी उत्तम बोलतात." पलीकडून नकार. मी उद्या भारतात परत येईन. ज्यांचे आजोबा कोरियातून इथे आले त्यांनी कुठे जायचं?

चकली: आणि पुण्यात 'फक्त शाकाहारी' पाट्या कोण लावतं?

ओसाकाकर: आलं पुणं! इथे जामीनदार कंपनी, डिपॉझिट, वर मालकाला परत न मिळणारी 'भेट'.

चकली: आमच्याकडे अकरा महिन्यांचा करार आणि आडनावावरून चौकशी. शिकवू नका.

बोरूबहाद्दर: धागा यांगचा आहे, फ्लॅटचा नाही!

ओसाकाकर: फ्लॅटचाच आहे. तुम्ही एसीत बसून सिनेमे बघा.

खडूस काका: काल यांगचाच 'सूप अँड आयडिऑलॉजी' बघितला, बोरूबहाद्दरांच्या समाधानासाठी. 'जपानी नि अमेरिकन सोडून कुणीही जावई चालेल' म्हणणाऱ्या बापाच्या घरात म्हातारी आई जपानी जावयासाठी कोंबडीच्या पोटात लसूण भरते. बरा आहे सीन. दक्षिणेतल्या जेजू बेटावरची १९४८ ची सरकारी कत्तल बघून पळालेल्या या आईला दक्षिण कोरिया का नकोसा झाला, तेही कळलं. म्हणजे रडगाणं नाही, मागे घेतो. पण दोषी निघाला दक्षिण कोरिया. जपान सुटला की!

बोरूबहाद्दर: आणि तिथून पळून ओसाकात आल्यावर जपानने काय पायघड्या घातल्या? उत्तर कोरियाच्या किम इल-सुंगची तसबीर घरात भिंतीवर उगाच चढली का?

खडूस काका: तसबीर जपानने टांगली नव्हती. बास.

चकली: ओसाकाकर, भाऊ तिकडे येतोय. जामीनदार कंपनीचं काय ते व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा. पुण्याचं मात्र मागे घेत नाही.