अनुभव धागा: ब्रेडचा चुरा लावलेले पोर्क चॉप्स आणि कुकर

हूझियर_सूनबाई (धागाकर्ती)

मुक्काम इंडियाना, अमेरिका. या राज्याचा जीव चुरा लावून तळलेल्या पोर्कवर आहे. हंटिंग्टन गावात निक्स किचन नावाचं हॉटेल १९०८ पासून चालू आहे, तिथलं टेंडरलॉइन सँडविच म्हणजे मांस बनच्या चारी बाजूंनी बाहेर लोंबणारं. ते अर्थात कढईतलं.

शेजारच्या आजी मात्र चुरा लावलेले चॉप्स कुकरात करतात. कुकर त्यांच्या आईचा, जुना प्रेस्टो. (१९३९ च्या न्यूयॉर्कच्या जागतिक प्रदर्शनात प्रेस्टो लोकांसमोर आला आणि अमेरिकन घरांत कुकरची हौस पसरली.) पद्धत अशी: मैदा, फेटलेलं अंडं, चुरा. कुकरच्या तळाशी थोडं तेल, त्यात चॉप्स दोन्ही बाजूंनी लाल करायचे, बाहेर काढायचे, तळ खरवडून पाणी घालायचं, जाळीवर चॉप्स ठेवून झाकण लावायचं. मांस काट्याने तुटतं. कवच मात्र ओलं, शिऱ्यासारखं. आजींना तेच आवडतं, मला अर्धवट पटलंय.

तुम्ही कोणी कुकरात चॉप्स करता का? कुठले चॉप्स, किती वेळ, चुरा आधी की नंतर? नुसती रेसिपी डकवू नका, स्वतः काय पाहिलंत ते लिहा. पोर्क खावं की खाऊ नये यासाठी वेगळा धागा काढा, तिथेही येईन.

मडगावकार्न

चुरा नंतर. शंभर टक्के नंतर.

आमच्या गोंयच्या घरांत पोर्क रोस्ट कुकरातच होतो, त्यामुळे यात नवल काहीच नाही. खांद्याचा चरबीवाला तुकडा, मीठ, आलं-लसूण, ठेचलेली मिरी, दालचिनी, लवंग आणि माडाचं व्हिनेगर. पाणी अगदी थोडं, कारण चरबीचं मांस स्वतःच पाणी सोडतं. कुकर पडला की तुकडा बाहेर, आणि मग तव्यावर त्याच्याच चरबीत लाल करायचा. म्हणजे शिजवणं एकीकडे, रंग दुसरीकडे. चॉप्सना मी हाच न्याय लावते.

बोटभर जाडीचे हाडासकट चॉप्स याच मसाल्यात रात्रभर. दुसऱ्या दिवशी पहिली शिट्टी झाली की आच बारीक करून आठ-दहा मिनिटं, मग बंद. वाफ आपोआप जिरू द्यायची. झाकणाशी झटापट करून वाफ सोडली की मांस आक्रसतं आणि रस भांड्यात उतरतो. चॉप्स ताटात काढून उघडेच फ्रिजमध्ये ठेवते. दोनेक तासांत वरचा भाग कोरडा, किंचित चिकट होतो. गरम, ओल्या चॉपला चुरा लावलात तर तेलात पडल्या पडल्या अख्खं कवच मोज्यासारखं निघून येतं.

चुरा घरचा. शिळे पाव तव्यावर कडक करायचे, लाटण्याने भरडायचे, चाळायचं नाही. पोयीचा (गोव्याच्या कोंडा लावलेल्या पावाचा) चुरा नको, तिचा कोंडा आधी करपतो. आमच्याकडे कटलेटांना रवाही लावतात, पण कुकरातून आलेल्या मऊ मांसावर रवा दाताखाली वेगळाच लागतो. मैदा, अंडं, चुरा लावून पंधरा मिनिटं स्वस्थ ठेवायचं आणि मगच तेलात. आतलं शिजलेलंच आहे, त्यामुळे तेल चांगलं तापलेलं हवं आणि एका बाजूला दीड-दोन मिनिटं पुरतात.

कुकरात राहिलेला रस फेकणाऱ्या माणसाशी मी बोलत नाही.

कॅम्पातला

पुण्यात शिवाजी मार्केटातून आणतो. वेळ कमी-जास्त करण्याआधी कुठला चॉप आणलाय ते बघा. पाठीकडचे, लॉइनचे चॉप्स दिसायला देखणे, एका बाजूला चरबीची पट्टी आणि बाकी सगळं लुसलुशीत गुलाबी. कुकरात त्यांचा भुगा होतो. भुगा म्हणजे मऊ नव्हे बरं, कोरडा धागा-धागा. त्या स्नायूत चिवट पडदे कमी, आणि कुकरची करामत त्या पडद्यांवरच चालते. ते विरघळून जिलेटिन होतं, तेव्हा मांस मऊही लागतं आणि ओलंही. म्हणून खाटकाला मानेकडचे किंवा खांद्याचे मागा. तुकडे वेडेवाकडे मिळतात, चुरा लावला की कोण बघतंय?

लॉइनचेच असतील तर कुकर विसरा. लिटरभर पाण्यात पन्नास ग्रॅम मीठ विरघळवून त्यात दोनेक तास बुडवा, पुसा, चुरा लावा, थेट तळा.

वाफेचा_हिशोब

धागाकर्तीच्या आजींचं कवच ओलं का राहतं याचं उत्तर साधं आहे. कुकरात साधारण १५ पीएसआयचा (दर चौरस इंचाला १५ पौंड) दाब बसला की आतलं तापमान १२१ अंश सेल्सियसच्या आसपास जातं, त्याच्यावर नाही. चुऱ्याला खमंग रंग यायला १४० च्या पुढचं तापमान लागतं, आणि त्याहून महत्त्वाचं, पृष्ठभाग कोरडा लागतो. इथे तर चहूबाजूंनी वाफ. आधी तळून आणलेला कुरकुरीतपणाही तिथे टिकत नाही. शिट्ट्या वाढवून काही होणार नाही, आतून मांस तेवढं सुटेल.

बाल्कनीतला_कुकर

आमच्याकडे प्रश्न तापमानाचा नाही, सासूबाईंचा आहे. पोर्कचा कुकर वेगळा, शेगडी वेगळी, जागा बाल्कनीत. रिंगसुद्धा वेगळी, कारण रबराला वास धरतो आणि दुसऱ्या दिवशीच्या वरणाला तो लपत नाही. यात धर्म किती आणि रबर किती यावर घरात वाद आहे, पण रिंगच्या बाबतीत त्यांचं म्हणणं मला मान्य आहे.

पद्धत मडगावकार्न यांचीच. फक्त व्हिनेगर साधं, आणि चुऱ्यात थोडी मिरपूड व लाल तिखट. तळण आत, मुख्य स्वयंपाकघरात, सासूबाई देवळात गेल्या की.

तोक्योकर

मी थोडा विरोधी सूर लावतो. जपानमध्ये तोन्कात्सु, म्हणजे चुरा लावून तळलेलं पोर्क, कुकरात करायचं कोणाच्या मनातही येणार नाही, ते तेलातलंच. कुकर बाहेर येतो तो काकुनीसाठी, म्हणजे पोटाकडच्या चरबीदार मांसाचे चौकोन सोया सॉस, साखर आणि आलं घालून. पण कात्सुदोन बघा. कुरकुरीत तळलेलं कात्सु कापतात, कांदा घातलेल्या गोडसर दाशीत (जपानी रश्शात) टाकतात, वरून अंडं सोडतात, झाकण ठेवतात आणि भातावर ओततात. कवच मुद्दाम ओलं करतात. रस प्यायलेला चुरा, मध्येच एखादी कड अजून कडक. लोक रांग लावून खातात.

तेव्हा त्या आजी चुकत नाहीयेत, त्यांना कात्सुदोन हवंय आणि तुम्हाला तोन्कात्सु. फक्त ओलं कवच करायचंच असेल तर ते चवदार रसात ओलं करा. नुसत्या पाण्याच्या वाफेने ओला झालेला चुरा मलाही नको.

हूझियर_सूनबाई

तोक्योकर, हे आजींना वाचून दाखवलं. त्या खूश आहेत, आणि मला आता ऐकून घ्यावं लागतंय.

गॅसमिस्त्री

एक गंभीर सूचना. 'कुकरातच तेल भरून चॉप्स तळले तर?' असा प्रश्न कोणाच्या तरी डोक्यात येणारच. केएफसीवाल्या कर्नल सँडर्स यांनी केंटकीत कोंबडी प्रेशरखाली तळायला सुरुवात केली ही गोष्ट खरी आहे. पण आज हॉटेलांत त्यासाठी वेगळी यंत्रं असतात, दाब सोडण्याची आणि झाकण धरून ठेवण्याची व्यवस्था त्यासाठीच केलेली. आपला घरचा कुकर पाण्याच्या वाफेसाठी आहे. रिंग, सेफ्टी व्हॉल्व्ह, सगळं त्याच हिशोबाने. उकळतं तेल दाबाखाली ठेवून झाकण उडालं तर घर पेटतं. तळाला दोन चमचे तेल टाकून लाल करणं वेगळं, त्यानंतर पाणी घातल्याशिवाय झाकण लावू नका.

आणखी एक. आधी चुरा लावलेत तर तो झडून पाण्यात पडतो, फुगतो आणि उकळीबरोबर वर येतो. शिट्टीची नळी अशानेच तुंबते. दर वेळी काडी घालून उजेडात धरून बघा.

इन्स्टावाली

+१. इलेक्ट्रिक प्रेशर कुकरात तोच चुरा तळाला चिकटतो आणि पडद्यावर 'बर्न' (करपतंय) असा इशारा येतो. लाल करून झाल्यावर तळ लाकडी उलथन्याने पूर्ण स्वच्छ खरवडा, मग दाबाचं बटण.

डॉक्टरीणबाई

कुकरच्या बाजूने एक मुद्दा कोणी मांडलाच नाही. अमेरिकेत २०११ पासून तिथल्या कृषी खात्याने अख्ख्या तुकड्यांसाठी आत ६३ अंश आणि वर तीन मिनिटं विश्रांती एवढं पुरे म्हटलंय, त्यामुळे तिथे मध्ये गुलाबीसर चॉप चालतो. आपल्याकडे डुक्कर कुठे वाढलंय, काय खाऊन वाढलंय, हे बहुतेकदा माहीत नसतं. फीतकृमीच्या गाठी असलेलं मांस कच्चं राहिलं तर आतड्यात कृमी वाढतो, आणि त्याची अंडी पोटात गेली तर गाठी मेंदूपर्यंत पोचतात. मोकळं सोडलेलं जनावर असेल तर मी कुकरातून काढल्याशिवाय चुऱ्याजवळ नेत नाही. कच्च्या मांसाची सुरी-पाट सॅलडला वापरू नका, हे सांगायला नकोच.

वसईवाला

आमच्या घरी बॉटल मसाला (वसईकडचा बाटलीत भरून ठेवायचा मिश्र मसाला) लावून कुकरात, मग चुरा. नाताळात. बाकी वरचं सगळं लागू.

हूझियर_सूनबाई

काल खांद्याचे चॉप्स आणले आणि दोन्ही पद्धतींना न्याय दिला. अर्धे आजींच्या पद्धतीने, अर्धे आधी कुकर, मग फ्रिज, मग चुरा. तळायचा कंटाळा म्हणून चुरा आधी कढईत चमचाभर तेलावर बदामी परतून घेतला, मग लावला, आणि एअर फ्रायरमध्ये २०० अंशांवर आठ मिनिटं. परतलेला चुरा ही युक्ती जमली, नाहीतर एअर फ्रायरमध्ये तो पांढराफटक राहतो. उरलेल्या रसात आजींनी सफरचंदाच्या फोडी आणि चमचाभर मोहरीची पेस्ट टाकून आटवलं. त्यांनी त्यांचे खाल्ले, नवऱ्याने दोन्हीकडचे.

प्रश्न: उद्या डब्यात द्यायचे आहेत. चुरा मऊ पडेल ना?

मडगावकार्न

पडेल. तळून पूर्ण गार होऊ दे, जाळीवर, ताटात नको. गरम असताना डब्याचं झाकण लावलंस की परत कुकरच झाला. पावात घालून देणार असशील तर पावाला लोणी लाव, रस वेगळ्या डबीत दे.